टिटवाळ्याची ओळख

मुंबईहून नाशिककडे निघालेली आगगाडी कल्याण सोडते, शहाड मागे टाकून उल्हास नदी ओलांडते आणि आंबिवलीनंतर टिटवाळ्यास येऊन थांबते. मुंबईपासून हे अंतर सुमारे ६४ किलोमीटर, म्हणजे जुन्या हिशेबाने ४० मैल. ह्या स्टेशनाचे नाव शहरातील बहुतेक सुशिक्षित घरांत ठाऊक असते ते तेथील महागणपतीमुळे. संकष्टी चतुर्थी मंगळवारी आली, म्हणजे अंगारकीच्या योगावर दर्शनासाठी माणसांची रीघ लागते. यात्रेकरू स्टेशनावर उतरतो, देवळाकडे जातो, दूर्वा आणि नारळ वाहतो आणि परतीची गाडी धरतो. ह्या जाण्यायेण्यात देवाची आणि त्याची भेट होते; गावाची आणि त्याची होत नाही. देवळाभोवती एक गाव आहे, त्या गावाला शिवार आहे, नदी आहे, तळे आहे आणि ह्या सर्वांना मिळून एक इतिहास आहे, हे ध्यानात घेण्याचे कारण त्याला सहसा पडत नाही.

लहान गावांच्या बाबतीत असे नेहमीच होते. जेथे लढाई झाली नाही, राजधानी नव्हती, किल्ला नाही, त्या गावाला इतिहास कसला, असा आपला समज असतो. टिटवाळ्याचे उदाहरण हा समज दूर करण्यास पुरेसे आहे.

प्रथम गावाची जागा पाहिली पाहिजे. टिटवाळा काळू नदीच्या काठी आहे. सह्याद्रीवरून मुरबाडच्या बाजूने उतरणारी काळू आणि शहापूरकडून येणारी भातसा ह्या दोन्ही नद्यांचे पाणी अखेर उल्हासला मिळते आणि उल्हास कल्याणवरून पुढे खाडीस जाते. कल्याण हे फार जुने बंदर. ख्रिस्ती शकाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक खलाशाने लिहिलेल्या सागरप्रवासाच्या वर्णनात त्याचे नाव आहे आणि कान्हेरीच्या लेण्यांतील शिलालेखांत कल्याणच्या व्यापाऱ्यांनी दिलेल्या दानांची नोंद आहे. ह्या बंदरातून घाटावर जाणारा माल मुरबाडवरून नाणेघाटाने जुन्नरला जाई. टिटवाळा ह्या हमरस्त्याच्या अगदी वर नाही, पण त्याच्या कुशीत आहे. कल्याणच्या पेठेला जे धान्य, जे गवत, जे जळण लागे, ते पिकविणाऱ्या आणि तोडून आणणाऱ्या मुलखापैकी हा एक तुकडा. मोठ्या बाजारपेठेचे नाव इतिहासात राहते; तिला पोसणाऱ्या गावांचे राहत नाही.

गावाची आख्यायिका मात्र ह्या सर्वांहून जुन्या काळची गोष्ट सांगते. कण्वमुनींचा आश्रम येथेच होता, असे गावकरी मानतात. दुर्वासाच्या शापामुळे दुष्यंत शकुंतलेस विसरला, तेव्हा कण्वांनी तिला विनायकाची स्थापना करून उपासना करण्यास सांगितले आणि त्या पुण्याईने पतीची व तिची पुन्हा भेट झाली, अशी ही कथा आहे. म्हणूनच ह्या गणपतीच्या दर्शनाने विवाह जुळतात आणि दुरावलेली पतिपत्नी एकत्र येतात, अशी भाविकांची श्रद्धा आहे.

इतिहासाच्या अभ्यासकाला येथे एक गोष्ट सहज दिसते. महाभारताच्या आदिपर्वात शकुंतलेची कथा आहे, परंतु तीत दुर्वासाचा शापही नाही आणि अंगठीही नाही. तेथे दुष्यंत तिला ओळखूनही नाकारतो, कारण लोक काय म्हणतील ह्याची त्याला शंका असते. अखेर आकाशवाणी होते तेव्हा तो तिचा स्वीकार करतो. शाप आणि अंगठी ही कालिदासाच्या नाटकातली. ज्या अर्थी टिटवाळ्याच्या कथेचा सारा भार शापावर आहे, त्या अर्थी आज सांगितली जाते त्या रूपातील ही कथा नाटकाच्या मागून आलेली असली पाहिजे. शिवाय कालिदासाने कण्वांचा आश्रम मालिनी नदीच्या तीरी, हिमालयाच्या पायथ्याजवळ कल्पिला आहे आणि उत्तराखंडात कोटद्वारजवळ ती जागा आजही दाखविली जाते. तेव्हा काळूच्या काठी शकुंतला राहत होती, असे इतिहास म्हणणार नाही.

पण कथा खरी नाही एवढे ठरविले म्हणजे काम संपले, असे नव्हे. आपल्या गावासाठी लोकांनी हीच कथा का पसंत केली, हाही इतिहासाचाच प्रश्न आहे. त्यांना एखाद्या राजाच्या विजयाची किंवा ऋषीच्या वरदानाची कथा घेता आली असती. त्यांनी घेतली ती राजसभेत जिची ओळख नाकारली गेली अशा रानातल्या मुलीची. नाटकाच्या नावातील ‘अभिज्ञान’ ह्या शब्दाचा अर्थच मुळी ओळख, ओळखीची खूण असा आहे. रानाच्या कडेला राहणाऱ्या आणि कल्याणच्या पेठेत ज्यांना कोणी नावाने ओळखत नव्हते अशा लोकांना ही कथा आपली वाटली, ह्यात नवल नाही. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी पुण्यात संगीत ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि शकुंतला महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचली. टिटवाळ्यात तिला देवळाचा आधार आहे.

आख्यायिकेच्या धुक्यातून बाहेर येताना पहिली उजेडाची जागा लागते ती थोरल्या माधवराव पेशव्यांच्या काळात. परंपरा अशी सांगते, की त्यांच्या कारकीर्दीत ह्या भागात पाण्याचे दुर्भिक्ष झाले, तेव्हा पेशव्यांनी गावचे तळे खणण्याची आज्ञा केली. रामचंद्र मेहेंदळे ह्या सरदारांच्या देखरेखीखाली काम चालू असता गाळात गणेशमूर्ती सापडली. पेशव्यांनी देऊळ बांधवून तिची स्थापना केली आणि पुढे लाकडी सभामंडप झाला. माधवराव सोळाव्या वर्षी, १७६१ साली, पानिपतच्या आघातानंतर गादीवर आले आणि १७७२ साली वयाच्या अवघ्या २७ व्या वर्षी थेऊरच्या चिंतामणीच्या सान्निध्यात वारले. त्यांची गणेशभक्ती प्रसिद्धच आहे. त्यामुळे परंपरेचा हा भाग त्यांच्या स्वभावाशी जुळतो.

ह्या हकीकतीत मूर्ती सापडली हा भाग सर्वांच्या तोंडी आहे. परंतु खणणे कशासाठी चालले होते, तर पाण्यासाठी, ह्याकडे फारसे लक्ष जात नाही. कोकणात पाऊस उदंड. कल्याणच्या आसपास वर्षाला अडीच हजार मिलिमीटरच्या सुमारास पाणी पडते. मग येथे तळे कशाला, असे घाटावरच्या माणसास वाटेल. पण हे पाणी चार महिन्यांत पडते आणि काळ्या कातळावरून वाहून खाडीस मिळते. माघ उलटला की ओढे आटतात आणि वैशाखात हंड्यासाठी मैल मैल चालावे लागते. आषाढात पूर आणि वैशाखात तहान, हा ह्या मुलखाचा नित्यक्रम. म्हणून तळे हे येथे शोभेचे नसून जगण्याचे साधन होते. शिवाय ते एकट्यादुकट्याने होणारे काम नव्हे. खणण्याची आज्ञा पेशव्यांची आणि देखरेख सरदारांची असेल. कुदळ आणि पाटी गावाच्याच हातात असणार. मेहेंदळ्यांचे नाव राहिले. पाटी वाहणाऱ्यांपैकी एकाचेही राहिले नाही. परंतु देव पाण्यातून आला आणि पाण्याचे काम सर्वांनी मिळून केले, एवढी आठवण त्या परंपरेत शिल्लक आहे.

माधवरावांच्या मागून ह्या मुलखावर लढाईचे सावट आले. १७८० साली इंग्रजांनी कल्याण घेतले. ते परत मिळविण्यासाठी मराठी फौजा ह्याच टापूत झुंजल्या आणि त्या वर्षीच्या डिसेंबरात वज्रेश्वरीजवळ दुगाड येथे रामचंद्र गणेश धारातीर्थी पडले. १७८२ च्या सालबाईच्या तहाने कल्याण पुन्हा पेशव्यांकडे आले आणि १८१७ साली कायमचे गेले. निशाणे बदलली, तरी शेतकऱ्याचे वर्ष बदलले नाही.

ते वर्ष भाताचे असे. उन्हाळ्यात शेताच्या एका तुकड्यावर शेण, झाडांचे कवळ, पालापाचोळा आणि वर बारीक माती असे थर रचून ते जाळीत. ह्यालाच राब म्हणतात. पहिल्या पावसाच्या तोंडी त्या भाजलेल्या जमिनीत बी टाकावयाचे, रोप हातभर झाले की ते उपटून चिखलणी केलेल्या खाचरांत लावावयाचे आणि दिवाळीच्या सुमारास कापणी करून खळ्यावर झोडणी करावयाची. लावणी एका घराच्या माणसांनी आटोपत नाही. आज एकाच्या शेतात तर उद्या दुसऱ्याच्या, अशी माणसे फिरतात. आगरी, कुणबी, कोळी ही गावची मंडळी. ठाकूर आणि कातकरी रानाच्या कडेची. पंक्तीला निरनिराळी बसणारी ही माणसे चिखलात मात्र एका ओळीत वाकत.

राबाला कवळ लागते आणि कवळ रानातून येते. १८७८ साली जंगलचा कायदा झाला आणि सरकारी रानात कुऱ्हाड चालविणे हा गुन्हा ठरला. वरवर पाहता हा झाडांचा प्रश्न. पण ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांना तो भाताचाच प्रश्न होता. तक्रार इतकी वाढली की १८८५ साली मुंबई सरकारला तिच्या चौकशीसाठी कमिशन नेमावे लागले. गावच्या रानावर गावाचा हक्क किती, हा वाद तेव्हापासून ह्या जिल्ह्यात धुमसत राहिला.

ह्याच्या आधीच आगगाडी आली होती. १८५३ साली मुंबई-ठाणे, १८५४ साली कल्याण आणि १ ऑक्टोबर १८५५ रोजी टिटवाळ्यावरून वाशिंदपर्यंत रूळ पोहोचले. थळघाट चढून गाडी इगतपुरीस जाण्यास १८६५ साल उजाडले. म्हणजे नऊदहा वर्षे हा मार्ग घाटाच्या अलीकडेच होता. रुळांनी गावाचे तोंड मुंबईकडे वळविले. मुंबईच्या तबेल्यांतील घोडे आणि म्हशी ठाणे जिल्ह्याच्या गवतावर पोसल्या जात. गवत कापावयाचे, वाळवावयाचे, दाबून गठ्ठे बांधावयाचे आणि रवाना करावयाचे, हा ह्या जिल्ह्याचा मोठा धंदा झाला. नदीकाठच्या मातीच्या विटा भाजून त्या शहराच्या इमारतींना पुरवाव्या, हा दुसरा. १९३० च्या सुमारास कल्याण-इगतपुरी मार्गावर विजेची गाडी धावू लागली आणि अंतर आणखी तुटले. ज्या काठावर माल चढे त्याच काठावर यात्रेकरू उतरू लागला.

परंतु मालाबरोबर पैसा आला तो ज्याच्या जमिनी होत्या त्याच्याकडे. ठाणे जिल्ह्यातील पुष्कळशी जमीन कर्जापोटी सावकारांच्या आणि जमीनदारांच्या ताब्यात गेली होती. कसणारा कूळ म्हणून राहिला. खंड धान्यात द्यावयाचा. पावसाळ्यात घरातले दाणे संपले की खावटी काढावयाची आणि सुगीला ती सवाई-दिढीने फेडावयाची. रानाकडच्या आदिवासींची स्थिती ह्याहून बिकट होती. उत्तरेकडे डहाणू-उंबरगावच्या बाजूस वारल्याला लग्नासाठी पैसे लागले, की तो शेटकडून शेदोनशे रुपये घेई आणि त्याच्या फेडीसाठी आयुष्यभर शेटच्या घरी राबे. बायकोही त्याच्याबरोबर राबे. ह्या माणसास लग्नगडी म्हणत. आगऱ्यांच्या लग्नात धवलारीण धवले गाते. वारल्यांच्या लग्नात धवलेरी हीच पुरोहिताच्या जागी असते आणि भिंतीवर लग्नाचा चौक लिहिला जातो. विधी असा हृद्य. पण त्या मांडवातून बाहेर पडणारे जोडपे दुसऱ्याच्या मालकीचे होऊन बाहेर पडे.

येथे टिटवाळ्याच्या इतिहासातील एक असे पान येते, की जे देवळाच्या यात्रेकरूंपैकी क्वचितच कोणास ठाऊक असेल. १९४५ सालच्या जानेवारीत महाराष्ट्र प्रांताच्या किसान सभेची परिषद टिटवाळ्यास भरली. भारत सेवक समाजात काम केलेले शामराव परुळेकर आणि गोदावरीबाई परुळेकर हे दांपत्य ह्या कामात पुढे होते. परिषदेस हजारो शेतकरी जमले. शहरापासून जवळ, आगगाडीच्या रुळावर आणि तरीही चोहोबाजूंनी शेतकऱ्यांच्या वस्तीने वेढलेले असे हे गाव अशा मेळाव्यास सोयीचे होते.

त्या गर्दीत दूर उंबरगाव तालुक्यातून आलेले मोजके वारली होते. माह्या धांगडा हा त्यांच्यापैकी एक. आपल्यासारखीच कूळ असलेली माणसे उघड्या सभेत सावकाराविरुद्ध बोलतात, हे त्यांनी तेथे पाहिले. आपली कहाणीही त्यांनी सभेपुढे मांडली. परत गेल्यावर त्यांनी परुळेकरांना आपल्या मुलखात बोलाविले. २३ मे १९४५ रोजी झरी गावी हजारो वारल्यांची सभा झाली. वेठ करावयाची नाही आणि बारा आणे रोज मिळाल्यावाचून जमीनदाराच्या शेतावर जावयाचे नाही, असे तेथे ठरले. लग्नगडी घरी परतू लागले. पावसाळा सरल्यावर गवतकापणीचा प्रश्न निघाला; पाचशे पौंड गवतास अडीच रुपये मजुरी द्यावी, अशी मागणी झाली. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाडा येथे जमलेल्या वारल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड ह्याच्यासह पाच जण मृत्यू पावले. गोदावरीबाईंनी ह्या साऱ्या घडामोडी ‘जेव्हा माणूस जागा होतो’ ह्या ग्रंथात लिहून ठेवल्या. त्याला १९७२ साली साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले.

किसान सभेच्या राजकारणाविषयी मतभेद असू शकतील. ते त्या काळीही होते. परंतु लग्नाच्या कर्जापायी माणूस जन्मभर गहाण पडावा, हे योग्य नव्हते, ह्याविषयी आज दुमत नाही. ज्या गावी लोक विवाह जुळावा म्हणून येतात, त्याच गावी विवाहाने गुलाम झालेल्या माणसांना आपल्या सुटकेची वाट दिसली. हा योगायोग कोणी घडवून आणलेला नाही. परंतु तो घडला आहे आणि गावाच्या इतिहासात त्याची नोंद असावयास हवी.

ह्यानंतरचा काळ वेगाने गेला. १९४८ साली कूळकायदा झाला आणि १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन मानून कुळे जमिनीची मालक ठरली. शेजारी मोहने येथे कृत्रिम रेशमाचा मोठा कारखाना उभा राहिला. आसपासच्या तरुणांना भोंग्याच्या वेळा पाठ झाल्या. तो २००९ साली बंद पडला. १९६५-६६ साली गणपतीच्या जुन्या देवळाचा जीर्णोद्धार झाला. गाव महानगरपालिकेच्या हद्दीत आले. लोकलगाड्या टिटवाळ्यापर्यंत येऊन परत फिरू लागल्या आणि मुंबईत जागा न परवडणाऱ्या कुटुंबांनी येथे घरे घेतली. खाचरांच्या जागी इमारती आल्या. गावात आता असे पुष्कळ लोक राहतात, की ज्यांना राब म्हणजे काय हे सांगावे लागते.

नव्या वस्तीला दोष देण्याचे कारण नाही. तीही पोटामागेच आली आहे. परंतु जुने गाव ज्या गोष्टींवर उभे होते त्या गोष्टी नाहीशा झालेल्या नाहीत. काळूला पूर येतोच. रुंदे येथील सखल पुलावरून पाणी गेले की पलीकडील गावे टिटवाळ्यापासून तुटत, ही फार जुनी गोष्ट नव्हे. २६ जुलै २००५ च्या महापुरात उल्हासच्या खोऱ्याने काय सोसले, ते सर्वांच्या आठवणीत आहे. आणि उन्हाळ्यात नळाला पाणी किती वेळ येते, हा नव्या इमारतीतील गृहिणीचा प्रश्न मेहेंदळ्यांच्या वेळच्या प्रश्नाहून फारसा निराळा नाही. फरक इतकाच, की तेव्हा तळे सर्वांचे होते म्हणून सर्वांनी खणले. आज ते पालिकेचे आहे असे जो तो समजतो. नदीच्या काठाचेही तसेच. जे सर्वांचे ते कोणाचेच नाही, असा समज एकदा रुजला, की गाव जाऊन नुसती वस्ती उरते.

दुसरी गोष्ट माणसांची. दिवाळी झाली की ह्या टापूतील वीटभट्ट्यांवर कातकरी कुटुंबे येतात. त्यांनी पावसाळ्यात मालकाकडून उचल घेतलेली असते आणि ती फिटेपर्यंत नवरा, बायको आणि मुले भट्टीवर असतात. वेठबिगार १९७६ सालच्या कायद्याने देशभर बंद झाली आहे. तरीही लग्नाच्या किंवा आजारपणाच्या खर्चासाठी घेतलेली उचल पुढच्या वर्षापर्यंत पुरून उरते, असे ह्या जिल्ह्यात पुन्हा पुन्हा आढळले आहे. शहरातील घराच्या भिंतीत जी वीट आहे, तिचा हिशेब कोठे तरी अशा उचलीच्या वहीत लिहिलेला असण्याचा संभव आहे.

टिटवाळ्याचा इतिहास तो हाच. त्यात राजे थोडे आणि राबणारी माणसे फार. देवळाशेजारचे तळे जागेवर आहे, नदी जागेवर आहे आणि भट्टीवर येणारी कुटुंबेही दर वर्षी येत आहेत. अंगारकीस जाणाऱ्या यात्रेकरूने देवदर्शनानंतर क्षणभर तळ्याच्या काठी थांबावे आणि ते कोणी खणले असेल ह्याचा विचार करावा, इतकी अपेक्षा ह्या गावाने धरली तर ती मोठी नाही. दुष्यंताला आठवण येण्यासाठी अंगठी सापडावी लागली. आपल्याला इतके सुद्धा लागू नये.